चंदीगडचे सभागृह आणि लंबीचे आमदार

चंदीगड ही पंजाब आणि हरियाणा या दोन राज्यांची राजधानी आहे, परंतु या शहराचा रहिवासी स्वतःसाठी एकही आमदार निवडून देत नाही, ही भारतीय राज्यव्यवस्थेतील एक लक्षणीय विसंगती होय. १ नोव्हेंबर १९६६ रोजी जुन्या पंजाबचे विभाजन झाले, तेव्हा शहर कोणाकडे द्यावयाचे यावर एकमत न झाल्याने ते केंद्रशासित करण्यात आले आणि ती तात्पुरती म्हणून केलेली व्यवस्था आजतागायत टिकली आहे. शहरातील मतदार महानगरपालिकेचे ३५ नगरसेवक आणि लोकसभेचा एक खासदार निवडतात, तर ल कॉर्ब्युझिए या वास्तुविशारदाने आखलेल्या विधानभवनात मात्र बाहेरून निवडून आलेले २०७ आमदार बसतात : पंजाबचे ११७ आणि हरियाणाचे ९०. औष्णिक वीजकेंद्राच्या शीतनमनोऱ्यासारखा आकार छपरातून वर काढलेल्या गोल सभागृहात पंजाबची विधानसभा भरते आणि मूळ विधान परिषदेसाठी बांधलेल्या लहान सभागृहात हरियाणाची. एप्रिल २०२२ मध्ये या एकाच छपराखाली, चार दिवसांच्या अंतराने, दोन्ही विधानसभांनी चंदीगडवर आपापला हक्क सांगणारे ठराव संमत केले.

राज्याच्या आमदाराची कारकीर्द म्हणजे नेमके काय, हा प्रश्न या इमारतीच्या संदर्भात तपासून पाहण्यासारखा आहे, कारण येथे सभागृह आणि मतदारसंघ यांच्यातील अंतर डोळ्यांना दिसते. राज्यघटनेच्या दृष्टीने आमदार हा कायदे करणारा, राज्याच्या अर्थसंकल्पाला मान्यता देणारा आणि मंत्रिमंडळाला जाब विचारणारा लोकप्रतिनिधी आहे. पंचवीस वर्षे पूर्ण केलेला, मतदारयादीत नाव असलेला कोणताही भारतीय नागरिक या पदासाठी उभा राहू शकतो. प्रत्यक्षात मात्र ज्या गुणांवर आमदार पुन्हा पुन्हा निवडून येतो, त्यांतील फारच थोडे गुण सभागृहात उपयोगी पडतात, आणि ज्या गुणांची सभागृहाला गरज असते त्यांची मतदारसंघात सहसा विचारपूस होत नाही. पंजाबचे पाच वेळा मुख्यमंत्री झालेले प्रकाशसिंग बादल यांची सहा दशकांहून अधिक काळ पसरलेली कारकीर्द हे या विसंगतीचे सर्वांत ठळक उदाहरण ठरते.

बादल यांचा जन्म ८ डिसेंबर १९२७ रोजी मलोटजवळच्या अबुल खुराना या गावी झाला. लाहोरच्या फॉर्मन ख्रिश्चन महाविद्यालयात त्यांचे शिक्षण झाले आणि १९४७ मध्ये, विशीतच, ते बादल या आपल्या गावाचे सरपंच झाले. हे गाव आजच्या मुक्तसर जिल्ह्यात, चंदीगडपासून सुमारे अडीचशे किलोमीटरांवर, राजस्थान आणि हरियाणाच्या सीमांकडे झुकलेल्या कापसाच्या पट्ट्यात आहे. सरपंचपदानंतर लंबी गटाच्या पंचायत समितीचे अध्यक्षपद आणि तेथून १९५७ मध्ये मलोट मतदारसंघातून विधानसभा, असा त्यांचा मार्ग महाराष्ट्रातील ग्रामपंचायत, सोसायटी, पंचायत समिती आणि जिल्हा परिषद या पायऱ्या चढत आलेल्या पिढीला सहज ओळखू यावा असाच होता. अकाली दलाचे नेते त्या काळात काँग्रेसमध्ये सामील झालेले असल्याने बादल यांची ही पहिली निवडणूक काँग्रेसच्या उमेदवारीवर झाली, ही गोष्ट पुढील आयुष्यभर काँग्रेसविरोध हेच ज्यांच्या राजकारणाचे अधिष्ठान राहिले त्यांच्या बाबतीत मुद्दाम नोंदवण्यासारखी आहे.

या पहिल्या कार्यकाळात, १९५८ ते १९६२ या वर्षांत, पंजाबचे राज्यपाल म्हणून चंदीगडच्या राजभवनात पुण्याचे काकासाहेब तथा न. वि. गाडगीळ होते. राज्यपाल दरवर्षी पहिल्या अधिवेशनाच्या प्रारंभी शासनाचे धोरण मांडणारे जे भाषण करतात त्याला अभिभाषण म्हणतात. काकासाहेब ज्या विधिमंडळापुढे ते करीत, त्यात मलोटचा हा तिशीतला नवखा सदस्य होता. मुख्यमंत्रिपदी प्रतापसिंग कैरों यांच्यासारखा प्रबळ नेता असताना नव्या आमदाराच्या वाट्याला येते ते प्रामुख्याने ऐकणे, प्रश्न विचारणे आणि आपल्या भागातील कालवा, रस्ता, शाळा यांसाठी मंत्र्यांच्या दालनांत खेटे घालणे.

नव्या पंजाबच्या पहिल्या निवडणुकीत, १९६७ मध्ये, बादल अकाली उमेदवार म्हणून गिद्दडबाहा मतदारसंघात उभे राहिले आणि अवघ्या ५७ मतांनी पराभूत झाले. हा पराभव एका अर्थी त्यांच्या पथ्यावर पडला, कारण त्यानंतरची दोन वर्षे चंदीगडच्या विधानभवनाच्या इतिहासातील सर्वांत बेभरवशाची होती. पंजाबात गुरनामसिंग यांचे संयुक्त आघाडीचे सरकार आठ-नऊ महिन्यांत त्यांच्याच सहकाऱ्याने, लछमनसिंग गिल यांनी, आमदार फोडून पाडले आणि काँग्रेसच्या पाठिंब्यावर चाललेले गिल यांचे सरकारही वर्षभर टिकले नाही. त्याच इमारतीच्या दुसऱ्या सभागृहात हरियाणाची स्थिती याहून बिकट होती. हसनपूरचे आमदार गयालाल यांनी पंधरा दिवसांत तीनदा बाजू बदलली. त्यांना परत आणल्यावर हरियाणाचे नेते राव बिरेंद्रसिंग यांनी चंदीगडमध्येच पत्रकारांपुढे गयाराम आता आयाराम झाल्याचे जाहीर केले आणि तेव्हापासून हा शब्दप्रयोग देशभरच्या, मराठी वर्तमानपत्रांच्याही, रोजच्या भाषेत रुळला. नोव्हेंबर १९६७ मध्ये हरियाणाची विधानसभा विसर्जित करून राष्ट्रपती राजवट आणावी लागली, म्हणजे निवडून आलेल्या सदस्यांची कारकीर्द वर्ष भरण्याआधीच संपली.

या पक्षांतरांना आळा घालण्यासाठी १९८५ मध्ये ५२ वी घटनादुरुस्ती झाली आणि राज्यघटनेला दहावे परिशिष्ट जोडण्यात आले. त्यानुसार जो सदस्य स्वेच्छेने पक्ष सोडतो किंवा पक्षाने काढलेल्या आदेशाविरुद्ध, म्हणजे व्हिपविरुद्ध, मतदान करतो त्याचे सदस्यत्व जाते आणि त्याचा निर्णय विधानसभेचे अध्यक्ष देतात. मूळ तरतुदीत एकतृतीयांश सदस्यांनी मिळून फुटण्यास मुभा होती. ती २००३ च्या ९१ व्या घटनादुरुस्तीने काढून टाकली आणि त्याच दुरुस्तीने मंत्र्यांची संख्या सभागृहाच्या सदस्यसंख्येच्या १५ टक्क्यांपुरती मर्यादित केली, जेणेकरून मंत्रिपदाचे आमिष कमी व्हावे. कायद्याचा हेतू निःसंशय चांगला होता. तथापि निर्णय ज्यांच्या हाती दिला ते अध्यक्ष बहुधा सत्ताधारी पक्षातूनच आलेले असतात, ही त्यातील उणीव चंदीगडनेच स्पष्ट करून दाखवली. हरियाणा जनहित काँग्रेसचे पाच आमदार २००९ मध्ये सत्ताधारी काँग्रेसमध्ये गेले. त्यांना अपात्र ठरवणारा पंजाब व हरियाणा उच्च न्यायालयाचा निर्णय ऑक्टोबर २०१४ मध्ये, पुढील विधानसभेचे मतदान आठवड्यावर आलेले असताना, लागला. जून २०२२ मध्ये शिवसेना फुटल्यानंतर मुंबईत जे घडले आणि अपात्रतेच्या निर्णयासाठी जेवढा काळ गेला, ते पाहिलेल्या मराठी वाचकाला या दिरंगाईचा अर्थ वेगळा समजावून सांगण्याची आवश्यकता नाही. यापेक्षाही गंभीर परिणाम असा झाला की सरकार टिकण्या-पडण्याशी संबंध नसलेल्या साध्या विधेयकावरदेखील आमदाराला स्वतःच्या विचाराने मत देता येईनासे झाले. घाऊक फाटाफूट चालू राहिली आणि एकट्या सदस्याची सदसद्विवेकबुद्धी तेवढी बांधली गेली, हे या कायद्याचे दुर्दैवी फलित आहे.

१९६९ च्या मध्यावधी निवडणुकीत बादल गिद्दडबाहातून विजयी झाले आणि गुरनामसिंग यांच्या मंत्रिमंडळात पंचायत राज व पशुसंवर्धन यांसारखी ग्रामीण खाती त्यांच्याकडे आली. वर्षभरात स्वपक्षातील बंडामुळे गुरनामसिंग यांना जावे लागले आणि मार्च १९७० मध्ये, वयाच्या त्रेचाळिसाव्या वर्षी, बादल मुख्यमंत्री झाले. तेव्हा राज्यपालपदी बेळगाव जिल्ह्यातील शिक्षणतज्ज्ञ दा. चिं. पावटे होते. पुढील वर्षीच विधानसभा विसर्जित होऊन सत्ता गेली, १९७२ मध्ये बादल विरोधी पक्षनेते झाले, आणीबाणीत तुरुंगात गेले, मार्च १९७७ मध्ये फरीदकोटहून लोकसभेवर निवडून येऊन मोरारजी देसाई यांच्या मंत्रिमंडळात कृषिमंत्री झाले आणि जूनमध्ये ते पद सोडून पुन्हा पंजाबच्या मुख्यमंत्रिपदी परतले. दिल्लीतील मंत्रिपदापेक्षा राज्यातील सत्ता मोठी मानण्याची ही वृत्ती भारतीय प्रादेशिक राजकारणाच्या मुळाशी आहे.

१७ फेब्रुवारी १९८० रोजी केंद्र सरकारने नऊ राज्यांची सरकारे एकाच वेळी बरखास्त केली. त्यात पंजाबचे बादल सरकार होते, तसेच महाराष्ट्रातील शरद पवार यांचे पुरोगामी लोकशाही दलाचे सरकारही होते. आणि या दुसऱ्या सरकारात सांगोल्याचे आमदार गणपतराव देशमुख मंत्री होते. एकाच वयोगटातील या दोन लोकप्रतिनिधींची तुलना येथे टाळता येत नाही, कारण दोघेही अकरा-अकरा वेळा विधानसभेवर निवडून आले. देशमुख १९६२ मध्ये प्रथम जिंकले, १९७२ मध्ये हरले, १९७४ च्या पोटनिवडणुकीत परतले, १९९५ मध्ये केवळ १९२ मतांनी पुन्हा हरले आणि २०१४ पर्यंत जिंकत राहिले. मतदारसंघ कायम सांगोला आणि पक्ष कायम शेतकरी कामगार पक्ष. मंत्रिपद त्यांना दोनदाच, १९७८ आणि १९९९ च्या सरकारांत, तेही अल्पकाळ लाभले. एसटीने मुंबईला अधिवेशनाला जाणारा, दुष्काळी तालुक्याच्या पाण्याचा प्रश्न दशकानुदशके सभागृहात आणि पाणी परिषदांत मांडत राहणारा आमदार, ही त्यांची ओळख बहुतांशी विरोधी बाकावरून घडली. बादल यांची ओळख सत्तेने घडवली. राजकीय आयुष्याची लांबी सारखी असली तरी सभागृहाशी दोघांचे नाते मुळातच भिन्न होते, आणि एका राज्याच्या विधिमंडळाला कोणत्या प्रकारच्या कारकिर्दीची अधिक गरज असते, याचे उत्तर सांगोल्याच्या बाजूने द्यावेसे वाटते.

१९८० नंतरचे पंजाबचे दशक येथे थोडक्यातच सांगणे इष्ट. सतलज-यमुना कालव्याविरोधातील आंदोलन, धर्मयुद्ध मोर्चा, १९८४ ची भीषण घटनामालिका आणि त्यानंतरचा दहशतवाद या काळात विधानसभा दीर्घकाळ अस्तित्वातच नव्हती. फेब्रुवारी १९९२ च्या निवडणुकीवर प्रमुख अकाली गटांनी बहिष्कार टाकला, मतदान जेमतेम २४ टक्क्यांच्या आसपास झाले आणि त्या निवडणुकीतून मुख्यमंत्री झालेले बिअंतसिंग ३१ ऑगस्ट १९९५ रोजी चंदीगडच्या सचिवालयातच बॉम्बस्फोटात मारले गेले. ज्या राज्यात मतदान करणे आणि निवडून येणे या दोन्ही गोष्टी जिवावर बेतू शकत होत्या, तेथे १९९७ मध्ये शांततेने निवडणूक होऊन अकाली दलाला ७५ आणि मित्रपक्ष भाजपला १८ जागा मिळाल्या, ही घटना कोणत्याही पक्षाच्या विजयापेक्षा मोठी होती. बादल या निवडणुकीपासून लंबीचे आमदार झाले आणि पुढील पंचवीस वर्षे लंबी व बादल ही नावे पंजाबात जोडीने उच्चारली गेली.

बादल यांच्या लोकप्रियतेचे रहस्य समजण्यासाठी ‘संगत दर्शन’ हा त्यांचा कार्यक्रम जवळून पाहावा लागतो. गावात शामियाना उभारला जाई, मुख्यमंत्री समोर बसत, शेजारी जिल्ह्याचे उपायुक्त आणि पाणीपुरवठा, वीज, बांधकाम या खात्यांचे अभियंते कागद घेऊन हजर असत, आणि एकेका गावाचा सरपंच आपल्या पंचांसह पुढे येऊन मागण्यांचा कागद देई. गल्लीचे काँक्रीटीकरण, सांडपाण्याची नाली, गावतळ्याची सफाई, धर्मशाळा, स्मशानभूमीची भिंत अशा या मागण्या असत. मुख्यमंत्री दोन-चार प्रश्न विचारून तेथेच रक्कम मंजूर करीत आणि पुढच्या गावाचे नाव पुकारले जाई. सामान्य ग्रामस्थाला राज्याच्या सर्वोच्च सत्ताधीशापुढे उभे राहून आपल्या गल्लीविषयी बोलता येणे, ही गोष्ट क्षुल्लक मानता येणार नाही. सरकार म्हणजे चंदीगडच्या एखाद्या कपाटातील फाइल नव्हे, हा विश्वास तिच्यातून मिळत असे. परंतु याच कार्यक्रमाने ग्रामसभेने आराखडा करावा, जिल्हा नियोजनाने त्याला क्रम द्यावा, विधानसभेने तरतूद मंजूर करावी आणि आमदाराने खर्चाचा हिशोब मागावा, ही सारी साखळी वळसा घालून ओलांडली. ज्या गावाचा सरपंच विरोधी पक्षाचा असेल त्याच्या कागदाचे काय होते, हा टीकाकारांचा प्रश्नही रास्त होता. महाराष्ट्रातील वाचकाने या ठिकाणी आमदार निधीची आठवण ठेवावी : सभामंडप, पेव्हर ब्लॉक आणि हायमास्ट दिवे यांवर आमदाराची पाटी लागते, पण त्याच आमदाराने एखाद्या विधेयकाला सुचवलेली दुरुस्ती मतदारसंघात कोणाला ठाऊक नसते.

सभागृह स्वतः या काळात आकसत गेले. घटनेनुसार दोन अधिवेशनांमध्ये सहा महिन्यांहून अधिक अंतर असता कामा नये, एवढेच बंधन आहे; वर्षाला किमान किती दिवस बसावे यावर कोणतेही बंधन नाही. परिणामी अलीकडच्या वर्षांत पंजाब आणि हरियाणा या दोन्ही विधानसभांच्या बैठका वर्षाकाठी साधारण पंधरा दिवसांच्या आसपास राहिल्या आहेत. अर्थसंकल्पातील बहुतेक मागण्या चर्चेविना मतास टाकल्या जातात आणि विधेयक मांडल्याच्या दिवशीच किंवा दुसऱ्या दिवशी संमत होणे हे नित्याचे झाले आहे. अधिवेशन कधी चालू असते आणि कधी संपते, यासारख्या प्राथमिक प्रश्नावरसुद्धा चंदीगडला सर्वोच्च न्यायालयात जावे लागले. बैठक तात्पुरती थांबवणे म्हणजे तहकुबी, जी अध्यक्ष करतात. आणि अधिवेशन औपचारिकरीत्या संपवणे म्हणजे सत्रसमाप्ती, जी राज्यपाल मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने करतात. मार्च २०२३ चे अर्थसंकल्पी अधिवेशन पंजाबच्या अध्यक्षांनी बेमुदत तहकूब केले, सत्रसमाप्ती झाली नाही, आणि त्याच अधिवेशनाचा पुढील भाग म्हणून जूनमध्ये बैठक बोलावून विधेयके संमत करण्यात आली. तत्कालीन राज्यपाल बनवारीलाल पुरोहित, जे स्वतः एकेकाळी नागपूरचे आमदार आणि खासदार होते, यांनी ती बैठकच अवैध मानून विधेयके अडवली. १० नोव्हेंबर २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने बैठक वैध ठरवली आणि राज्यपालाला विधेयके अनिश्चित काळ अडवून ठेवता येणार नाहीत असे सांगितले. मात्र अधिवेशन अशा रीतीने लांबवत ठेवण्याच्या प्रथेवरही न्यायालयाने नापसंती दर्शवली.

बादल २००७ मध्ये चौथ्यांदा आणि मार्च २०१२ मध्ये पाचव्यांदा मुख्यमंत्री झाले. शेवटची शपथ मोहालीजवळच्या छप्पर चिडी येथे, बंदासिंग बहादूर यांच्या स्मारकाच्या प्रांगणात झाली आणि ती देणारे राज्यपाल लातूरचे शिवराज पाटील होते, ज्यांनी आपली कारकीर्द महाराष्ट्र विधानसभेत सुरू करून तिचे अध्यक्षपदही भूषवले होते. या सरकारांच्या काळात कुटुंब आणि शासन यांतील सीमारेषा पुसट झाली : पुत्र सुखबीरसिंग उपमुख्यमंत्री, पुतणे मनप्रीतसिंग २०१० पर्यंत अर्थमंत्री, जावई आदेश प्रतापसिंग कैरों आणि सुनेचे बंधू बिक्रमसिंग मजिठिया मंत्री. पहिल्या पिढीने सरपंचपदापासून कमावलेली विश्वासार्हता पुढच्या पिढीला वारसाहक्काने मिळते, पण गावोगावची ओळख तशी मिळत नाही, याची किंमत अकाली दलाला २०१७ मध्ये १५ आणि २०२२ मध्ये अवघ्या ३ जागा मिळून चुकवावी लागली.

२०२२ ची निवडणूक बादल यांनी वयाच्या ९४ व्या वर्षी, देशातील सर्वांत वयोवृद्ध उमेदवारांपैकी एक म्हणून, लंबीतून लढवली आणि आम आदमी पक्षाचे गुरमीतसिंग खुड्डियां यांच्याकडून ११,३९६ मतांनी ते हरले. निकालानंतर काही दिवसांतच त्यांनी माजी आमदाराचे निवृत्तिवेतन आपल्याला नको असल्याचे कळवले. तोवर पंजाबात प्रत्येक कार्यकाळागणिक हे वेतन वाढत जाई. त्याच वर्षी झालेल्या कायद्याने कितीही वेळा निवडून आलेल्या आमदाराला एकच निवृत्तिवेतन देण्याचे ठरले. अनेकदा निवडून येणे ही सार्वजनिक सेवा असली तरी तिचा मोबदला पुन्हा पुन्हा मागण्याजोगा नाही, हे तत्त्व योग्यच आहे, आणि महाराष्ट्रासह इतर राज्यांनीही त्याचा विचार करावयास हवा.

देशमुख यांनी २०१९ मध्ये स्वतःहून उमेदवारी सोडली आणि ३० जुलै २०२१ रोजी सोलापुरात त्यांचे निधन झाले. सांगोल्याची जागा २०१९ मध्ये थोडक्यात गेली आणि २०२४ मध्ये त्यांचे नातू बाबासाहेब देशमुख यांनी ती परत मिळवली. बादल यांचे निधन २५ एप्रिल २०२३ रोजी मोहालीत झाले आणि अंत्यसंस्कार बादल गावी, त्यांच्याच शेतजमिनीत झाले. लंबीचे नवे आमदार खुड्डियां पुढील महिन्याच्या अखेरीस चंदीगडमध्ये मंत्रिपदाची शपथ घेऊन पंजाबचे कृषिमंत्री झाले.